दिगूभाऊजींची फिल्म

दिगूभाऊजी सूर्यावर ओरडायचे. ढग आला की भर उदगीरच्या बाजारात कॅमेऱ्याची फिरवायची दांडी सोडून वर बघत म्हणायचे, "आताच तोंड लपवायचं व्हतं का रे तुला?"

आमच्या शेजारीच त्यांचं घर. मी नवी सून. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा वाटलं, माणूस वेडा आहे. नवरा म्हणाला, "येडा न्हाई, रागीट हाय."

कोल्हापूरला एका सिनेमा कंपनीत ते कॅमेरामन होते. हिरॉइनच्या नाकावर जास्त उजेड टाका, असं शेट म्हणाला. "नाक हाय का देवळाचा कळस?" असं विचारून भाऊजी घरी आले. मग स्वतःचाच सिनेमा काढायला घेतला. त्यात गाणं नाही, राजा नाही, आपलीच माणसं. पण मुखेडच्या बाजारात कॅमेरा दिसला की माणसं ताठ उभी राहायची. भाऊजी किंचाळायचे, "हला की! मी काय फोटू काढायलोय का?"

घरात त्यांची बहीण होती, गंगाक्का. तोंडावर कोड उठलं म्हणून सासरच्यांनी परत धाडलेली. ती दिवसा उंबरा ओलांडायची नाही. भाऊजी तिच्यावरही खेकसायचे.

निजामाच्या राज्याचे ते शेवटचे दिवस. स्टेशनावर झडत्या चालायच्या. सासूबाईंना गाडीत बसवायला आम्ही गेलो, तर भाऊजी फिल्मचा डबा पुण्याला धुवायला धाडत होते.

"डब्बा खोलो," जमादार म्हणाला.

"उजेड लागला तर सगळं जळंल, साहेब."

"बम है क्या अंदर?"

त्यानं झाकण उपटलं. भाऊजींनी त्याची गचांडी धरली. दोन शिपायांनी त्यांना बदडलं. फिल्म फलाटावर उन्हात पडली होती. माझ्या नवऱ्यानं त्यांना धरून घरी आणलं.

दिवेलागणीला मी त्यांच्याकडे भाकरी घेऊन गेले. दारातच थबकले. गंगाक्का त्यांच्या पाठीला हळद लावत होती.

"माझंच चित्र व्हतं न्हवं त्यात? उजाडताच मला न्हेलं व्हतंस, त्या करडईच्या रानातलं?"

"हाव."

"कशी दिसत व्हते रे?"

भाऊजी सांगू लागले. इतक्या हळू आवाजात बोलताना मी त्यांना कधी ऐकलं नव्हतं. पदर वाऱ्यानं कसा उडाला, ती वळून कशी बघत होती, सगळं.

"आन् डाग? दिसले का?"

"दिसले की. न्हाई दिसले असते तर ती दुसरीच कोन बाई झाली असती!" ते खेकसले.

गंगाक्का हसली. मी भाकरी उंबऱ्यावर ठेवली आणि परत फिरले.