रेडिओवर वन्स मोअर

सोमवारी सकाळी दारव्ह्याच्या रेडिओवर मी वारलो. पण ते सोडा! तसं काही झालंच नाही असं धरून चाला. आपण माझ्या नव्या नोकरीचं बोलू.

बोरी अरबच्या आमच्या नाटकमंडळीत माझ्यासारखा मरणारा दुसरा नाही! लोक बैलगाड्या जुंपून माझं मरण बघायला येतात. नियम एकच. मेलं की 'वन्स मोअर' येईपर्यंत उठायचं नाही, आणि आला की परत मरायचं.

बायको मात्र कंटाळली. उर्वशी म्हणाली, "किती दिवस मरता हो? एखादं जित्या माणसाचं काम पाहा ना!" म्हणून मी रेडिओत शिरलो. पहिला कार्यक्रम नीट झाला तर नोकरी पक्की. उर्वशीनं तर "आमचे साहेब रेडिओत हायेत" असं बोरीतल्या आमच्या अख्ख्या तांड्यात सांगूनही टाकलं!

केंद्रप्रमुख विमलताई म्हणाल्या, "राजकुमारभाऊ, हेल्मेटची नाटिका आहे, थेट प्रसारण. बिनहेल्मेटचा रामधन गाडीवरून पडतो, मरतो. लगेच तुम्ही सांगायचं, हेल्मेट घाला. मग सोयाबीनचे भाव वाचायचे. जमते ना?"

"ताई, मरायचं माझ्यावर सोडा!"

पडलो. काय पडलो! खुर्ची, हेडफोन, पाण्याचा जग, सगळे माझ्यासोबत गेले. शेवटचा आचका दिला आणि निपचित झालो.

वन्स मोअर येईना.

स्टुडिओच्या काचेवर बाहेरून धडाधड थापा पडल्या. विमलताई! म्हटलं, टाळ्या! मी आणखी मेलो. ताई दाराकडे धावल्या, तर आत माझी खुर्ची आडवी. गाणं लावायचं यंत्रही आतच.

"भाऊ, उठा न! काहून असे करून राह्यले?"

आता 'उठा' म्हणजे काही वन्स मोअर नव्हे. कलावंताला दर्जा असतो!

तिकडे तांड्यात रेडिओ मुका झाला. शेजारच्या हंसाबाईनं रडायला पदर डोळ्याला लावला. "गेले वो तुह्ये साहेब!"

"काही नाही झालं," उर्वशी चपला घालत म्हणाली. "कोणी वन्स मोअर देल्ला नसंन. चला!"

तांड्यातल्या सरदारभाईची भाड्याची जीप भरली. सवयीनं त्यानं वाटेत चार सवाऱ्याही घेतल्या. तोवर मी मेलेलाच.

अखेर दाराच्या फटीतून आवाज आला, "अहो, वन्स मोअर!" मागून अख्ख्या जीपच्या शिट्ट्या!

मी ताडकन उठलो. ताईंनी देवाला हात जोडले. पण नियम तो नियम! परत पडलो. या खेपेला टेबलासकट.

"सोयाबीनचे भाव..." ताई भिंतीला टेकून एवढंच म्हणाल्या.

परतीच्या जीपमध्ये उर्वशी माझ्या सदऱ्यावरचं पाणी पदरानं टिपत होती. बोरी जवळ आल्यावर हळूच म्हणाली, "दुसऱ्यांदा लय बेस मेले तुमी."

सबब, मा. केंद्रप्रमुखांस नम्र विनंती, की अर्जदारास सेवेत कायम करून स्टुडिओत माइकसमोर रसिकांसाठी बाकडी टाकण्यात यावीत, तसेच 'वन्स मोअर सहायक' हे पद तातडीने मंजूर करून त्यावर अर्जदाराच्या पत्नीची नेमणूक व्हावी. कळावे.