ओपलबाईंची तालीम

ओपलबाईंना मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा त्या मेलेल्या होत्या.

म्हणजे मला तरी तसंच वाटलं. टाळेबंदीचे सुरुवातीचे दिवस. आयर्लंडमधल्या ओंगार गावी आमच्या घरामागे हातरुमालाएवढी बाग आहे, आणि शेजारच्या बागेशी मध्ये खांद्यापर्यंतचं लाकडी कुंपण. कानात मीटिंग लावून मी खिडकीशी उभी होते, तर पलीकडे गवतावर एक म्हातारी गोरी बाई आडवी. एक हात अंगाखाली दुमडलेला, एक चप्पल लांब उडालेली, तोंड उघडं. तिथे कुणी राहायला आलंय हेच मला ठाऊक नव्हतं. मीटिंग गेली खड्ड्यात, मी धावत बाहेर! माझ्या मागोमाग हातात लाटणं घेऊन आई.

"अवं माय! मेली का व थे बाई?"

आई अमरावतीची. माझ्याकडे तीन महिन्यांसाठी आली होती, पण विमानं बंद झाली आणि लोणच्याच्या बरण्यांसकट इथेच अडकली. तिला गप्प करून मी कुंपणावरून ओरडले, "हॅलो! आर यू ओके?" काही हालचाल नाही. ॲम्ब्युलन्सला फोन लावणार, तेवढ्यात प्रेताने एक डोळा उघडला आणि अमेरिकन उच्चारात विचारलं, "हात जरा जास्त झाला का? खरं सांग."

माझा स्वभाव चौकस. माझा नवरा नितीन त्याला भोचक म्हणतो. पण मरायची तालीम करणारी बाई शेजारी राहायला आल्यावर जिला चौकशी करावीशी वाटणार नाही, तिने खुशाल माझ्याकडे बोट दाखवावं. दोन दिवसांत मी सगळी माहिती काढली. ओपलबाई मूळच्या ओहायोच्या. पेशाने कॅरेक्टर ॲक्ट्रेस. इथे एका मालिकेत प्रेताचं काम करायला आल्या होत्या. शूटिंग बंद पडलं, बाकीची मंडळी मिळेल त्या विमानाने पळाली, आणि या भाड्याच्या घरात एकट्या अडकल्या. प्रेताची भूमिका मात्र जिवंत ठेवली होती.

कॅरेक्टर ॲक्ट्रेस म्हणजे कोण, हे त्यांनीच मला समजावलं. नायकाला दार उघडून "वरच्या मजल्यावर" एवढं सांगणारी घरमालकीण. "डॉक्टर येतीलच" म्हणणारी नर्स. कोर्टात चष्म्यावरून बघणारी जज्ज. तुम्ही त्यांना नक्की पाहिलेलं असतं, फक्त कुठे ते आठवत नाही. आमचा पोस्टमन तर छातीठोकपणे सांगायचा की या बाई त्याच्या दातांच्या डॉक्टरकडे रिसेप्शनवर होत्या. ओपलबाईंनी त्याला कधी नाही म्हटलं नाही. उलट, "काय म्हणतेय दाढ?" असं विचारायच्या.

त्यांना स्वतःच्या चित्रपटांची नावं आठवत नसत. हातात काय होतं त्यावरून त्या चित्रपट ओळखायच्या. "तो नाही का, ज्यात माझ्याकडे ट्रे होता." "बंदुकीवाला नाही, त्याच्या नंतरचा, कोंबडीवाला."

आणि पर्स! भूमिका कितीही फुटकळ असो, त्या बाईच्या पर्समध्ये काय आहे हे ठरवल्याशिवाय ओपलबाई कॅमेऱ्यासमोर जात नसत. एकदा म्हणे बसस्टॉपवर पाठमोरं उभं राहायचं काम होतं. यांनी पर्समध्ये खोकल्याच्या गोळ्या, एक किल्ली आणि लहान मुलाचा एकच हातमोजा भरला.

"पर्स उघडायची होती का?" मी विचारलं.

"छे."

"मग?"

"मग मला कसं कळणार, मी कुणाची वाट बघतेय?"

घ्या!

त्यांचं पालुपद एकच: "आय कॅन यूज दॅट." दिसेल ते त्यांना वापरायचं असे. माझा हात तव्याला लागला, मी बोंबलले, तर मलमाच्या आधी कुंपणापलीकडून आवाज आला, "आय कॅन यूज दॅट! पुन्हा एकदा झटक बघू हात." कुकरची शिट्टी ऐकून पहिल्यांदा दचकल्या, तो दचकाही त्यांनी जपून ठेवला. आईने एकदा माझी नजर काढून कानशिलांवर बोटं मोडली. ते पाहिल्यावर त्यांनी आठवडाभर आरशासमोर बोटं मोडली. आवाज काही येईना. शेवटी आईने त्यांची बोटं स्वतःच्या हातांनी मोडून दिली. दोन मीटरचं अंतर वगैरे तेव्हाच कुंपणावरून गेलं.

पोस्टमनने एकदा त्यांचं मरण फाटकातून पाहिलं. यांनी लगेच अभिप्राय विचारला. तो म्हणाला, "यू वेअर ग्रँड." दिवसभर बाई जमिनीवर नव्हत्या. मला बघवेना, मी सांगून टाकलं. अहो, इथे ग्रँड म्हणजे भव्यदिव्य नव्हे. चहा ग्रँड, हवा ग्रँड, पाय प्लास्टरमध्ये असलेला माणूससुद्धा ग्रँड. ग्रँड म्हणजे ठीकठाक. त्यांचा चेहरा असा पडला की मला माझ्या जिभेचा राग आला. पण दुसऱ्या दिवशी त्या दुप्पट जोमाने मेल्या.

पण हे नंतरचं. सुरुवातीला आई आणि त्यांची दोस्ती काही जमली नाही. त्याचं कारण माझ्यासुद्धा ध्यानात यायला वेळ लागला. वयस्कर बाईला नुसतं ओपल कसं म्हणायचं, म्हणून आई पहिल्या दिवसापासून ओपलबाई म्हणायची. वाटीत काहीतरी घेऊन कुंपणाशी जायची आणि खणखणीत हाक मारायची, "ओपलबाई!" पलीकडे बाई दार उघडून यायच्या, हात हलवून "बाय!" म्हणायच्या आणि आत जायच्या. आई वाटी घेऊन परत.

"काऊन व अशी? हाक मारली का आत पयते! मी का तिले खाऊन राह्यली का?"

असं कितीतरी दिवस चाललं. मग एकदा ओपलबाईंनी मला कुंपणाशी गाठून हळूच विचारलं, "मॅन्जरी, तुझ्या आईचं माझ्याशी काही बिनसलंय का? रोज कुंपणाशी येऊन त्या म्हणतात, ओपल, बाय!"

मी कुंपण धरून हसले. इतकी हसले की आई पाणी घेऊन आली. मग दोघींना दोन भाषांत समजावलं, की बाई म्हणजे बाई, बाय नव्हे. आईने कपाळावर हात मारला. ओपलबाई हसल्या, पण जरा उशिरा.

"पण मग तुम्ही रोज बाहेर का येत होतात?" माझं भोचकपण! "बायच ऐकायला?"

"कुणीतरी नाव घेऊन म्हणत होतं ना," त्या म्हणाल्या. "मी आयुष्यभर फ्रेममधून नुसती निघून गेलेय गं. मला कुणी बाय म्हणत नाही, तसं लिहिलेलंच नसतं." आणि लगेच आईच्या हातातली वाटी ओढून, "यात काय आहे?"

त्याच दिवशी नितीनने कुंपणाच्या दोन फळ्या काढून जायला-यायला वाट केली.

पुढच्या वर्षी वसंतात, आईचं आणि त्यांचं, दोघींचंही परतणं अजून लांबलेलंच होतं तेव्हा, त्या एका सकाळी नाइटगाऊनवरच आमच्या स्वयंपाकघरात शिरल्या. हातात फोन. "नाव आहे तिला! मॅन्जरी, तिला नाव आहे! नोरा!"

आयर्लंडमध्येच होणारी मालिका, आणि मुख्य मुलीच्या आईची भूमिका. ऑडिशन घरूनच फोनवर टेप करून पाठवायची. प्रसंग तीन पानांचा: मुलगी कायमची ऑस्ट्रेलियाला निघालीय आणि आई तिचे हातमोजे शोधण्याचं सोंग करतेय. मी टाळ्या वाजवल्या. आईने साखर हातावर ठेवली.

ती साखर तशीच मुठीत धरून ओपलबाई खुर्चीवर बसल्या. "तीन पानं आहेत गं," त्या म्हणाल्या. "मी प्रेताचं काम का घेतलं होतं, माहितेय? प्रेताला वाक्यं नसतात. गेली काही वर्षं मी वाक्यं नसलेलीच कामं मागून घेतेय. पाठ होतं, आणि समोर उभी राहिले की जातं. हे जमलं नाही तर थांबायचं. एजंटला तसं सांगून टाकलंय."

वर्षभर मी या बाईच्या मरणाला हसत होते.

अशा टेपसाठी कॅमेऱ्यामागून समोरच्याची वाक्यं वाचणारा एक माणूस लागतो. त्याला रीडर म्हणतात. रीडर मी झाले. पण मी वैद्यकीय उपकरणांच्या कारखान्यात क्वालिटीला आहे, चुका काढायचा मला पगार मिळतो. त्या अडखळल्या की माझी नजर कागदावर जायची, आणि माझी नजर कागदावर गेली की त्यांचं पुढचंही पुसलं जायचं. दुसऱ्या पानापलीकडे आम्ही कधी गेलोच नाही. नितीनने वाचून पाहिलं. तो आईला निरोप देणारी मुलगी कमी आणि कर्जाच्या अटी वाचणारा बँकवाला जास्त वाटला. वाक्यं लिहून प्रेसच्या दारांवर चिकटवली. हो, इथे कपाटाला प्रेस म्हणतात. तर नोरा मुलीला सोडून डाळींच्या कपाटाशी बोलायला लागली.

आई हे सगळं ओट्याशी उभी राहून पाहत होती. म्हणाली, "सरक. मी बसतो तिच्यापुढं."

"तुला इंग्रजी वाचता येतं का?"

"वाचाचं कायले? पोरगी चालली ना? मंग मी जातो म्हनीन, थे मले बोलंल."

आणि काय सांगू! आई वऱ्हाडीत ऑस्ट्रेलियाला निघाली आणि ओपलबाई इंग्रजीत तिला अडवायला लागल्या. आई म्हणायची, "जाऊ दे ना व, इमान सुटंल माह्यं!" आणि या म्हणायच्या, "बाहेर गारठा आहे, हातमोजे घाल." दुसरं पान सरलं. चुकलं असेलही, पण थांबलं नाही.

"असं कसं जमलं?" मी विचारलं.

"तुझ्या आईच्या हातात कागद नाही," ओपलबाई म्हणाल्या. "मी चुकले हे तिला कळतच नाही."

मग रोज दुपारी चहानंतर तालीम सुरू झाली. दोघी एकमेकींचे हात धरून भांडायच्या. मी माझ्या मीटिंगांमध्ये आवाज बंद करून बसायचे.

टेपच्या दिवशी ओपलबाईंनी आईचं जुनं स्वेटर मागून घातलं. नोराच्या पर्समध्ये काय भरलं ते सांगितलं नाही. फोन मी डाळींच्या डब्यांवर टेकवला. पहिलं पान सुरेख. दुसरं पान त्याहून. तिसऱ्या पानावर "तू पोचलीस की" एवढं म्हणून त्या थांबल्या. गेलं. मला दिसलं ते गेलेलं. डोळे इकडेतिकडे शोधायला लागले. माझ्या हातात कागद होता, मी तो पाठीमागे लपवला.

आईला वाटलं, आपली पाळी. ती पुढे वाकली. "काऊन गप झाली व? बोल ना. मी बसली हावो ना इथं."

ओपलबाई तिच्याकडे बघून अगदी साध्या आवाजात म्हणाल्या, "मला आठवत नाही. मी खोलीत येते आणि मी काय म्हणायचं होतं तेच मला आठवत नाही. आणि हे सांगायला माझं कुणी नाही."

हे कुठल्याच पानावर नव्हतं. आई उठली, फोनच्या समोरून सरळ पलीकडे गेली आणि त्यांचं डोकं तिने पोटाशी धरलं. फोनवर नुसतं आईचं पातळ दिसत होतं. मी टेप बंद केली आणि बेसिनशी जाऊन उगाच नळ सोडला.

ती टेप त्यांनी तशीच पाठवली. "माझ्याकडे याहून चांगलं नाही," म्हणाल्या. आठवड्याभराने उत्तर आलं. फार गोड शब्दांत नकार होता.

हे सांगायला त्या पुढच्या दाराने आल्या, एकट्या मला भेटायला. डोळे कोरडे होते. एजंटला फोन झाला होता, सगळं आवरलं होतं. मी चहाचं आधण ठेवायला लागले, तर त्यांनी माझी बाही धरली.

"मॅन्जरी, एक विचारू? तुझ्या आईला हे सांगायलाच हवं का?"

"म्हणजे?"

"तिला सांगितलं, तर उद्यापासून ती तालमीला बसणार नाही." त्या माझ्याकडे न बघता बोलत होत्या. "काम नसलं तरी चालेल मला. तालीम हवी गं."

मी मान डोलावली.

त्या गेल्यावर आई जिन्यावरून खाली आली. मी कढईत काहीतरी ढवळत पाठ करून उभी राहिले. "ओपलबाई आली होती का व?" तिने विचारलं. मी हो म्हटलं, सहज आल्या होत्या.

"थे काम गेलं ना तिचं?"

मी वळले. "तुला कुणी सांगितलं?"

"आता कोन सांगाले पाह्यजे? तोंड पाह्यलं ना मी वरून, खिडकीतून." आईने पदर खोचला आणि कोथिंबिरीची जुडी पुढ्यात ओढली. "पन तू तिले बोलजो नको, मले मालूम हाये म्हनून. नाई तं उद्याच्यानं यायाची नाई थे."

दुसऱ्या दिवशी चहानंतर ओपलबाई कुंपणातल्या वाटेने आल्या, स्वेटर घालून. आई खुर्चीत तयार बसली होती. दोघी एकमेकींसमोर बसल्या आणि पहिल्या पानापासून सुरुवात झाली.