दिगूचा पाठमोरा सिनेमा

आमचा शेजारी दिगू कुणी भेटलं की ‘बरो आसस मां?’ असं विचारत नसे. तो विचारी, ‘‘भितर काय चल्लाहा?’’ त्याला म्हणायचं असे, मनात. मालवणात ‘भितर’चा अर्थ घरात असा होई. माझी आई सरळ सांगे, ‘‘बांगडे तळतंय.’’

ऐंशी सालच्या सुमारास दिगू मुंबईतली कायमची नोकरी सोडून आला, तो जुना आठ मिलिमीटरचा कॅमेरा गळ्यात घालूनच. लोकांना वाटलं, आता लग्नांचं शूटिंग करील. पण याला माणसांच्या भावनांवर माहितीपट काढायचे होते. पहिला रागावर. कुंपणावरून भांडणारे दोन सख्खे भाऊ त्याला ऐन रंगात सापडले आणि रीळ संपलं. नवं भरेपर्यंत जरा थांबा, असं त्याने त्यांना सांगितलं. ते थांबले. मग मात्र भांडण काही केल्या पेटेना. थोरल्याने चहाचं विचारलं, धाकटा गेलाही. माहितीपट बुडाला. दिगू त्या दोघांवर महिनाभर चिडून होता.

दुसरा विषय त्याने घरातलाच घेतला. नोकरी सोडली तेव्हापासून त्याचे वडील, तात्या, त्याच्याशी बोलत नव्हते. दिगू शेजारी उभा असला तरी त्याच्यासाठीचा निरोप ते मला हाक मारून सांगत. दिगूने ठरवलं, अबोल्यावर सिनेमा काढायचा.

सकाळी तात्या पडवीत सुपारी कातरत बसले की हा कॅमेरा घेऊन समोर. तात्या पाठ फिरवीत. हा पाठ टिपी. मी म्हटलं, अरे, पाठीचा सिनेमा बघणार कोण?

‘‘पाठ काय कमी बोलता?’’ तो म्हणाला.

पाऊस आला, गेला. दिगू हटला नाही. रिळं धुवायला मुंबईला जात. परत येईपर्यंत तो एस. टी. स्टँडवर फेऱ्या घाली.

शेवटी शाळेच्या हॉलमध्ये त्याने खेळ लावला. फिल्म मुकी, म्हणून पडद्याशेजारी उभं राहून तो स्वतः बोलणार होता. आम्ही आळीतली माणसं जमलो. तात्याही आले आणि दाराशी बसले.

पडद्यावर पाठ सुरू झाली. उन्हातली, पावसाळी उजेडातली, खोकताना हलणारी. आधी लोक हसले. मग ती थोडी थोडी वाकत गेलेली दिसली तसे गप्प झाले. दिगूच्या तोंडून तर एक शब्द फुटला नाही.

दिवे लागले. तात्या उठून थेट त्याच्यापाशी गेले.

‘‘सदरो पाठीर फाटलो हा,’’ ते म्हणाले. ‘‘इतके दिस बघतस, माका सांगाक काय झाला तुका?’’

कॅमेरा टेबलावरच होता. दिगूचा हात तिकडे गेला नाही.

‘‘काढा,’’ तो म्हणाला. ‘‘मी शिवतंय.’’

आणि तात्या तिथंच, सगळ्यांसमोर, बटणं सोडू लागले.