अस्वलाच्या कातड्याची टोपी

गेमला हात लावायचा नाही, असं भाऊसाहेबांनी ठरवलं आणि तिथेच सगळं बिघडलं.

भाऊसाहेब वीजबिलांच्या कार्यालयात हेडक्लार्क. पण त्यांचं खरं कर्तृत्व घरच्या टीव्हीवर, बर्फाळ जंगलाच्या गेममध्ये. त्यात एकच गडी मिळतो. थंडी, भूक आणि लांडगे यांच्यातून त्याला जगवायचं. मेला की पुन्हा पहिल्यापासून सुरुवात. भाऊसाहेबांचा गडी कितीतरी हिवाळे तगला होता. (स्वतः भाऊसाहेबांना पंखा जरा जोरात लावला तरी शिंका येतात, पण ते असो.) आता गेमचा दुसरा भाग येणार होता. त्या दिवशी ज्याचा गडी जिवंत असेल, त्याला नव्या भागात अस्वलाच्या कातड्याची टोपी मिळणार होती.

"उगाच धोका कशाला?" म्हणत भाऊसाहेबांनी गड्याला गुहेत झोपवलं, गेम बंद केला आणि कन्सोलवर टॉवेल टाकला. ऑफिसात मात्र तोंड बंद ठेवलं नाही.

"टोपी आपलीच! जंगलात राहायला जिगर लागते."

रोज तेच ऐकून कॅशियरचे कान किटले. "भाऊसाहेब, एकदा दाखवा तरी," तो म्हणाला.

झालं. रविवारी कॅशियर आणि टायपिस्टबाई चहाला हजर. कोपऱ्यात सासूबाई स्वेटर विणत बसल्या होत्या. त्या महिनाभर लेकीकडे मुक्कामाला होत्या. मेट्रन म्हणून निवृत्त झाल्या होत्या, पण आवाज अजून वॉर्डातलाच होता.

भाऊसाहेबांनी टॉवेल काढला, गेम लावला आणि त्यांना घाम फुटला. गुहेत त्यांनी हाडं, राख आणि फाटका कोट टाकून ठेवला होता. आता तिथे लाकडं लहान-मोठी वेगळी करून रचलेली होती. बँडेजच्या गुंडाळ्या एका ओळीत होत्या. मांस वाळत घातलेलं, कोट शिवलेला आणि दाराशी अख्खं अस्वल!

"काय टापटीप आहे हो!" टायपिस्टबाई म्हणाल्या.

"सवय लागते," भाऊसाहेब म्हणाले. (नाही म्हणवलं नाही हो त्यांना.)

"हे अस्वल कसं मारलंत?" कॅशियरने विचारलं.

"ते... समोरून."

"समोरून नाही, झाडावरून," कोपऱ्यातून आवाज आला. सुया थांबल्या नव्हत्या.

भाऊसाहेबांनी बायकोकडे पाहिलं.

"अहो, दुपारी आईला वेळ जात नव्हता. मीच लावून दिलं."

"आणि मला सांगितलं नाहीस?"

"तुम्ही टोपीशिवाय दुसरं काही बोलू दिलंत का?"

आता अब्रूचा प्रश्न होता. "तुम्हाला शिकार दाखवतो," म्हणून भाऊसाहेबांनी गड्याला बाहेर काढलं आणि थेट गोठलेल्या तळ्यावर घातलं.

"जावईबापू, काठाकाठाने न्या."

"आई, मला माहीत आहे."

कडाड्! गडी पाण्यात. भाऊसाहेबांनी हाताला लागतील ती सगळी बटणं दाबली. गड्याने आधी कुऱ्हाड टाकली, मग काडेपेटी टाकली. पडदा निळा पडू लागला. चाललीच टोपी!

"इकडे आणा." सासूबाईंनी विणकाम बाजूला ठेवून रिमोट घेतला. गडी काठावर आला. "ओले कपडे आधी काढायचे, मग शेकायचं." गुहेत शेकोटी पेटली. गड्याचे दात वाजायचे थांबले आणि मग भाऊसाहेबांचे.

टायपिस्टबाईंनी टाळ्या वाजवल्या. भाऊसाहेबांना वाटलं होतं, आपल्याला लाज वाटेल. पण ऊर असा भरून आला की ते उभेच राहिले. "या आमच्या सासूबाई!" ते म्हणाले, जणू सासूबाईंना त्यांनीच घडवलं होतं. दुसऱ्या दिवशी ऑफिसात शिपायापासून साहेबापर्यंत सगळ्यांना त्यांनी ही गोष्ट सांगितली. साहेबांना तर दोनदा.

दुसरा भाग आला त्या दिवशी भाऊसाहेबांनी रजा टाकली. (मुक्काम संपूनही सासूबाई मुद्दाम थांबल्या होत्या.) गडी जिवंत होता. त्याच्या डोक्यावर झुबकेदार टोपी पाहून भाऊसाहेबांचे डोळे पाणावले. शिवाय या भागात दोघांना खेळता येत होतं. भाऊसाहेब दुसरा रिमोट घेऊन सासूबाईंच्या शेजारी ऐटीत बसले.

"मी काय करू, आई?"

"लाकडं आणा."

भाऊसाहेबांनी अभिमानाने कुऱ्हाड उचलली.

"कुऱ्हाड ठेवा, जावईबापू," सासूबाई पडद्यावरून नजर न हटवता म्हणाल्या. "खाली पडलेली आणा. आणि गुहा दिसेल इतक्याच लांब जा."