उषाताईंची कात्री

क्रॉयडनच्या ट्रामस्टॉपवर उषाताईंनी एका उंच बाईला गाठलं आणि विचारलं, "हाऊज द लेफ्ट नी, डार्लिंग?" ती टीव्हीवरची नटी होती. तिने पर्स छातीशी घट्ट धरली. "मी हिला चार महिने रोज बघितलाय," उषाताई मला म्हणाल्या. "उठताना डावा गुडघा दुखायची. प्रत्येक टेकमध्ये तोंड वाकडा." नटीने मात्र उषाताईंना जन्मात पाहिलेलं नव्हतं.

उषाताई आमच्या शेजारी एकट्या राहतात. कॉव्हेंट्रीत वाढल्या, तीस वर्षं टीव्ही मालिका आणि चार-दोन सिनेमे एडिट केले, आता निवृत्त आहेत. मराठी भरभरून बोलतात, व्याकरण तेवढं कापून. काम सुटलं, कात्री सुटली नाही. मी पुण्याची एखादी गोष्ट रंगात येऊन सांगायला लागलो की दोन बोटं हलवतात. "इथून सुरू कर. आधीचा सगळा कचरा."

आमच्याकडच्या सत्यनारायणाला तर कहर झाला. चौथ्या अध्यायात त्या शांतपणे म्हणाल्या, "गुरुजी, बोट बुडाला, आलं लक्षात. ती प्रसाद खाणार, बोट वर येणार. आता थेट प्रसादवर जाऊ या ना." गुरुजी एरवी आयटीत असतात, त्यांना डेडलाइनची सवय. त्यांनी खरंच पानं उलटली. आमची ही आठ दिवस माझ्याशी बोलली नाही, जणू कथा मीच कापली होती.

मागच्या महिन्यात त्यांना एका शोकसभेला जायचं होतं. "तू ड्राइव्ह कर. माझा हात बरोबर नाही आज," म्हणाल्या. पीटर नावाचा म्हातारा नट गेला होता. उषाताईंच्या मालिकेत तो अकरा वर्षं डॉक्टर होता.

वाटेत त्या आपणहून बोलल्या. "लास्ट दोन वर्षं त्याला लाइन्स आठवायच्या नाहीत. सेटवरचे लोक सांभाळून घ्यायचे. पण वरचे साहेब फक्त मी जोडलेला कट बघायचे. त्यांना कळलं असतं तर काढून टाकला असता. बायको गेलेली त्याची, काम एवढंच उरला होता. मग मी अर्धं वाक्य या टेकमधून घ्यायचे, अर्धं त्या. राहिलेलं, तो पाठमोरा असताना वर चिकटवायचे, तेव्हा ओठ दिसत नाहीत."

"पीटरना हे माहीत होतं?"

"कसं असेल? आम्ही कधी भेटलोच नाही."

शोकसभेत पीटरची मुलगी बोलायला उभी राहिली. म्हणाली, शेवटच्या भागापर्यंत डॅड एक शब्द विसरले नाहीत, याचा त्यांना फार अभिमान होता. मरेपर्यंत सांगायचे.

सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. माझ्या तोंडात तीळ भिजत नाही, त्यामुळे मी जीभ दाताखाली धरूनच बसलो होतो. उषाताई सगळ्यांत शेवटपर्यंत टाळ्या वाजवत होत्या, आणि त्यांचं नाक लाल झालं होतं.

निघताना मुलगी दाराशी उभी राहून एकेकाचा हात हातात घेत होती. उषाताईंना तिने ओळखलं नाही, ओळखण्याचं कारणही नव्हतं. "तुम्ही डॅडना कुठे भेटला होता?" तिने इंग्रजीत विचारलं.

"भेटले नाही," उषाताई म्हणाल्या. "मी त्यांची मालिका बघायचे. एकही भाग चुकवला नाही."

मुलगी थँक्यू म्हणाली आणि तिने मागच्या माणसाकडे हात पुढे केला.