वैरागड्यांचं प्यादं खाप्याला जातं

वैरागडे बुद्धिबळ खेळत नसत, गाडी चालवत. पटावर प्यादं एक घर पुढे सरकवलं की एसटीच्या कंडक्टरसारखे ओरडायचे, "कोराडी! कोराडीवाले उतरा!" पुढच्या घराला खापरखेडा, मग दहेगाव, पाटणसावंगी, सावनेर आणि पटाच्या पार शेवटी खापा. समोरचा बिचारा घोडा हातात धरून माझ्याकडे बघत बसायचा.

कारण मी क्लबचा सेक्रेटरी. सीताबर्डीत एका चहाच्या दुकानावरच्या खोलीत आमचा क्लब भरायचा. खोलीला झाडू मारणं, हरवलेल्या उंटाच्या जागी दौतीचं बूच ठेवणं आणि वैरागड्यांना सांभाळणं ही माझी कामं. पहिली दोन मी आनंदानं करायचो.

सत्तरच्या दशकातली गोष्ट. वैरागडे सरकारी कचेरीत हेडक्लार्क होते. संध्याकाळी पाच वाजले की सायकल जिन्याखाली लावून वर यायचे आणि कोटाच्या खिशातून रंग उडालेलं एक प्यादं काढायचे. त्याच्या गळ्यात लाल दोरा. ते आपल्या एका प्याद्याच्या जागी ठेवायचे आणि मगच तंबाखू चोळायला घ्यायचे. जुन्या देशी खेळात उस्ताद लोक असा दोरा बांधून पैज लावत, की मात करीन तर याच प्याद्यानं. आम्हाला वाटायचं, म्हाताऱ्यालाही तीच खुमखुमी.

त्यांच्या प्याद्याचे नियमही त्यांचेच. प्याद्याला पहिल्या खेपेला दोन घरं जाता येतं, हे सगळ्या जगाला मान्य. वैरागड्यांना नाही.

"एकदम दोन घरं? आन् कोराडीची देवी? दर्शन न घेता पुढं जातो का तू? लय शहाणा!"

परदेशी जगज्जेत्यांचे फोटो पेपरातून कापून आम्ही भिंतीवर लावले होते. त्यांच्याखाली उभं राहून वैरागडे एकेकाला मार्क द्यायचे. "हा डोक्यानं तेज आहे. पण प्याद्याची कदर नाही गा याले. पटापट मारू देते. हा दुसरा बरा. घरी कोणीतरी वाट पाहात असन याची." फोटोवरून हे कसं कळतं, असं कोणी विचारलं की म्हणायचे, "दिसते ना बाप्पा."

खेळाडू मात्र अस्सल हं. एकदा मुंबईचा एक नावाजलेला विजेता आला आणि एकाच वेळी आम्हा सगळ्यांशी खेळला. चहा निवायच्या आत त्यानं आम्हाला गुंडाळलं. वैरागड्यांपुढे मात्र रुमालानं घाम पुसत उभा राहिला. तेवढ्यात वैरागड्यांचं प्यादं शेवटच्या घरात पोचलं. वैरागडे उठले, त्याचा हात हातात घेतला आणि म्हणाले, "चला, बरोबरी करू. आमचं काम झालं." जिंकत आलेला डाव! मी कपाळावर हात मारून घेतला.

मग शहराच्या स्पर्धेची अंतिम फेरी आली. जिंकेल तो दिल्लीला मोठ्या स्पर्धेला जाणार. आमच्या क्लबातून तोवर कोणी कामठीच्या पुढे गेलेलं नव्हतं. पुढच्या वर्षी वैरागडे रिटायर होणार, म्हणजे आता नाही तर कधीच नाही. समोर धरमपेठेतला एक तरुण प्राध्यापक होता. मी सकाळीच कचेरीत जाऊन हात जोडले, "आजच्या दिवस तेवढी गाडी डेपोत ठेवा."

"पाहून राहिलो ना गा," वैरागडे म्हणाले.

काय खेळले हो त्या दिवशी! संध्याकाळपर्यंत प्राध्यापकाचा राजा असा कोंडला, की वजिराची एकच खेळी आणि मात. हॉलमधल्या सगळ्यांना ती दिसत होती. पण ती हुकली तर पुढच्याच खेळीला वैरागड्यांवर मात होती, हेही दिसत होतं. दोऱ्याचं प्यादं सावनेरला उभं होतं.

वैरागड्यांचा हात वजिरावर गेला. थांबला. परत आला. मग त्यांनी प्यादं एक घर सरकवलं आणि हळूच म्हणाले, "खापा. उतरा."

हॉल ताडकन उभा राहिला. प्राध्यापकानं घाबरत घाबरत मात केली.

बाहेर मी त्यांना वाट्टेल ते बोललो. "अक्कल गहाण टाकली काय? दिल्ली घालवली! काहून?"

"घरी जा लागते," एवढंच बोलून ते सायकलवर बसले. छत्री विसरले. ती घेऊन मी त्यांच्या मागोमाग जुन्या शुक्रवारीत गेलो. छत्री हे निमित्त, मला अजून भांडायचं होतं. आमच्यापैकी कोणी त्यांच्या घरी कधी गेलेलं नव्हतं.

दार उघडंच होतं. खाटेवर त्यांची बायको पडलेली, एक बाजू लकव्यानं गेलेली. चांगल्या हाताच्या तळव्यावर ते प्यादं. उशाशी लाल दोऱ्याचं रीळ.

"सावनेरले गर्दी होती का हो?"

"लय. एक प्राध्यापक आडवाच झाला रस्त्यात. पण पोचलो वं. दिवेलागणीच्या आत पोचलो."

"माय होती दारात?"

"होती ना. म्हणे, पोरीले काहून नाही आणलं? म्हटलं, आणली ना, हे काय!"

मला पाहून ते ओशाळले. "खापा माहेर आहे हिचं," पुटपुटले. "डॉक्टर गाडीत बसू देत नाही. दोरा ही बांधते, मी घेऊन जातो. आता वजिरानं मात केली असती, तं डाव तिथंच संपला असता. सावनेरच्या स्टँडवर बसवून ठेवतो का हिले?"

माझा राग कुठं गेला कोण जाणे. छत्री मी दाराशी टेकवली.

"भाऊजी," वहिनी म्हणाल्या, "तुम्ही होते ना संगं? खरं सांगा. पोचलो ना आम्ही? हे माणूस माझं मन राखाले खोटंही बोलते."

"पोचल्या, वहिनी," मी म्हणालो. "मी डोळ्यांनी पाहिलं. खापा आलं, तेव्हा सारा हॉल उठून उभा राहिला होता."