कट्ट्याला हात लावायचा नाही

"बाबा, ही खिडकी बंद करून दाखवता?"

हे विचारून दाखव, अशी पैज मैत्रिणींनी घरी जाताना भिंगरीशी लावली होती. परीक्षा तोंडावर आली म्हणून त्या तिच्या खोलीत अभ्यासाला जमल्या, तर आधी वाऱ्याने सगळ्यांच्या नोट्स उधळल्या आणि मग एका बोक्याने खिडकीतून उडी मारून उरलेल्यांवर बैठक मारली.

"खिडकी लाव ना."

"लागत नाही. बाबांनी खिडकीच्या कट्ट्याला टाइल्स बसवल्यापासून."

"मग सांग त्यांना."

यावर भिंगरी गप्प. ती गप्प बसलेली मैत्रिणींनी पहिल्यांदाच पाहिली.

त्या कट्ट्याबद्दल घरात कुणी ब्र काढत नसे. गवंड्याला दारातूनच परत पाठवून बाबांनी तो स्वतःच्या हाताने केला होता. वर बाथरूमच्या कामातून उरलेल्या, माशांच्या नक्षीच्या टाइल्स, आणि खाली सिमेंटचा असा थर की त्यावर एखादा मजला चढवावा. पाहुणे आले की त्यांना पाण्याआधी कट्टा दाखवला जाई. काम करताना उजेड हवा म्हणून झडप बाहेरच्या बाजूला सताड उघडी होती. तिला परत यायलाही जागा लागेल, हे मात्र बाबांच्या गावीही नव्हतं.

"बंद कशाला करायची?" बाबा म्हणाले. "हवा खेळती राहते. तब्येतीला चांगली."

"हवा खेळते, बोका खेळतो, फक्त माझा अभ्यास होत नाही. नापास झाले तर प्रगतिपुस्तकावर हवेची सही घेऊ का?"

बाबांनी झडप ओढली. ती टाइलच्या कडेला थडकून थांबली.

"लाकूड फुगलंय."

"टाइल्स बसवल्या त्याच दिवशी बरं फुगलं," आई दारातून म्हणाली. "एक टाइल काढा आणि मोकळे व्हा."

"कट्ट्याला हात लावायचा नाही." बाबांचा आवाज चढला. "चूक झडपेची आहे."

त्यांनी झडप बिजागऱ्यांतून काढली, आडवी घातली आणि करवत चालवली. खालची अख्खी पट्टी कापून काढली.

"बाबा, काच त्याच पट्टीवर..."

"मोठी माणसं काम करत असताना मध्ये बोलू नये."

झडप परत चढली. बाबांनी ती ओढली आणि ती खरंच, अगदी अलगद, बंद झाली. बाबा विजयी मुद्रेने वळले. तेवढ्यात मागे काच सावकाश खाली सरकली आणि कट्ट्यावर आपटून तिचा चुरा झाला.

बाबांनी वाकून टाइल्सवर बोट फिरवलं.

"बघा. ओरखडासुद्धा नाही."

आईने केरसुणी आणली आणि ती बाबांच्या हातात दिली. त्यांनी काचा भरल्या, पण तोंड चालूच होतं. "खिडकी बंद झाली की नाही? मुद्दा काय होता?"

तेवढ्यात बंद खिडकीतून बोका आत आला आणि माशांवर ऐसपैस पसरला.

भिंगरीने दप्तर, पुस्तकं, टेबलावरचा दिवा आणि उशी उचलली.

"कुठे निघालीस?"

"तुमच्या खोलीत. परीक्षा संपेपर्यंत मी तिथेच राहणार, आणि आई माझ्याबरोबर," ती म्हणाली. "तुम्ही इथे झोपा, बाबा. हवा खेळती आहे."